लॉगनॉर्मलमध्ये म्यू-सिग्मा चुकतात तेव्हा : कुठून तपासायला सुरुवात करायची

लक्षणं

ज्या आकड्यांचा लॉग घेतल्यावर घंटेच्या आकाराचं नॉर्मल वितरण मिळतं, ते लॉगनॉर्मल. म्यू म्हणजे त्या लॉगची सरासरी, सिग्मा म्हणजे त्यांचं प्रमाण विचलन. यातलं एखादं दिसत असेल तर पुढे वाचा :

- कुठलाही आकडा घाला, शक्यता १ च येते. किंवा ० च.
- उत्तर ०.५ च्या आसपास घुटमळतं. मर्यादा ६० घेतली काय नि १५० घेतली काय, फारसा फरक पडत नाही.
- माहितीची सरासरी ५०, आणि ६० च्या खाली असण्याची शक्यता येते फक्त ०.०६.
- काढलेल्या म्यू-सिग्मावरून सरासरी उलट काढून बघितली तर मूळ सरासरी येत नाही. कधी थोडी कमी येते, कधी सोळा हजार.
- एक्सेलमध्ये ‘हॅश नम’ची एरर, पायथनमध्ये उणे अनंत.
- मैत्रिणीच्या आरमध्ये (ही संख्याशास्त्राची संगणकभाषा) एक उत्तर, तुमच्या पायथनमध्ये दुसरं, आणि दोघींच्या नोंदी त्याच.
- म्यू उणे आला. (हा बिघाड नाही. पण यावरून मला रात्री अकराला फोन आलेले आहेत, म्हणून यादीत ठेवलं.)

नागपूरच्या बजाजनगरात माझ्या खोलीवर वर्षभर पोट्टे लॅपटॉप घेऊन येतात. कोणी इंजिनिअरिंगचं, कोणी पर्यावरणशास्त्राच्या एमएस्सीचं, कोणी खाणीत नोकरी सांभाळून पीएचडी करणारं. मे महिन्यात, म्हणजे प्रबंध द्यायच्या दिवसांत, कूलरसमोरच्या खुर्चीसाठी नंबर लागतात. लॉगनॉर्मलचा घोळ मी इतक्यांदा सोडवला आहे की आता फाइल उघडायच्या आधी नुसतं उत्तर ऐकून चूक कुठे असेल ते बहुतेकदा सांगता येतं. त्या चुकांचे ठसेच तसे आहेत. म्हणून खाली प्रत्येक तपासणीसोबत तिचा ठसाही देते.

सगळीकडे एकच उदाहरण वापरते. हवेतल्या बारीक धुळीची, म्हणजे पीएम २.५ ची, २४ तासांची सरासरी. आपल्याकडे २००९ पासून याची राष्ट्रीय मर्यादा ६० मायक्रोग्रॅम प्रति घनमीटर आहे. समजा एका जागेच्या वर्षभराच्या नोंदींची सरासरी ५० आणि प्रमाण विचलन ३०. हे आकडे मी हिशेब सोपा जावा म्हणून घेतलेत. नागपूरच्या कुठल्या केंद्रावर मोजलेले आहेत असं कृपया समजू नका. प्रश्न : एखाद्या दिवशी धूळ ६० च्या वर जायची शक्यता किती?

बरोबर उत्तर आधीच सांगून टाकते, ०.२७. आता हे चुकतं कसं ते बघू.

पहिली तपासणी : कागद-पेन, दोन मिनिटं, खर्च शून्य

संगणकाला हात लावायच्या आधी तुमच्या म्यूचा एक्स्प घ्या, म्हणजे ई चा म्यूवा घात. जो आकडा येईल तो मध्यक : निम्मे दिवस त्याच्या खाली, निम्मे वर. आता तोच आकडा आपल्या सूत्रात किंवा फंक्शनमध्ये घाला. शक्यता बरोब्बर ०.५ आली पाहिजे. ०.४९८ चालत नाही, ०.५ च. नाही आली तर फंक्शनला तुम्ही जे दिलं आहे ते म्यू नाही, दुसरंच काहीतरी आहे.

दुसरी गोष्ट, क्रम. लॉगनॉर्मलमध्ये बहुलक, म्हणजे वक्र जिथे सगळ्यात उंच तो आकडा, सगळ्यात लहान, मग मध्यक, मग सरासरी. आपल्या उदाहरणात बहुलक ३१.५, मध्यक ४२.९, सरासरी ५०. हा क्रम कधीच बदलत नाही, कारण उजवीकडची लांब शेपटी सरासरीला आपल्याकडे ओढते. मध्यक सरासरीपेक्षा मोठा निघाला तर पुढचं काही करू नका, इथेच चूक शोधा.

आणि तो उणे म्यू. धूळ मायक्रोग्रॅमऐवजी मिलिग्रॅममध्ये मांडली की ५० चे ०.०५ होतात, आणि एकपेक्षा लहान आकड्याचा लॉग उणेच असतो. एकक हजारपटीने बदललं की म्यू ६.९०८ ने सरकतो, सिग्मा जागच्या जागी राहतो. म्हणून म्यू उणे असू शकतो, सिग्मा कधीच नाही. दोघांच्या उत्तरात म्यूचा फरक नेमका ६.९०८ असेल तर भांडण एककाचं आहे. रुपये आणि लाखांचं असेल तर ११.५१३.

दुसरी तपासणी : लॉग कोणता?

कॅल्क्युलेटरवर दोन बटणं असतात, ‘लॉग’ आणि ‘एलएन’. पहिलं दहाच्या पायाचं, दुसरं ई च्या पायाचं. लॉगनॉर्मलची बहुतेक छापील सूत्रं आणि तयार फंक्शन एलएन धरून चालतात.

नुसतं दहाच्या पायाने काम केलं तर ते चूक नाही. सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच पाया ठेवला तर शक्यता तीच येते. बिघडतं ते अर्धं काम एकाने आणि अर्धं दुसऱ्याने केल्यावर. आपल्या उदाहरणात दहाच्या पायाने म्यू १.६३२ आणि सिग्मा ०.२४१ येतात. हेच एक्सेलच्या लॉगनॉर्म-डिस्टमध्ये घातले तर ६० चा झेड (म्हणजे ६० च्या लॉगमधून म्यू वजा करून सिग्माने भागलेला आकडा) निघतो १० च्या वर, आणि शक्यता १.००००००. तर ठसा असा : मर्यादा मधोमध कुठेतरी असूनही उत्तर ठणठणीत १. सुटका सोपी आहे, दोन्ही आकड्यांना २.३०२६ ने गुणा.

एक खोडी लक्षात ठेवा. एक्सेलच्या पेशीत ‘लॉग’ लिहिलं, पाया दिला नाही, तर तो दहाचा असतो. त्याच एक्सेलच्या मॅक्रोमध्ये ‘लॉग’ म्हणजे ई चा. आर आणि पायथनमध्येही ‘लॉग’ म्हणजे ई चाच. एका मुलाने पेशीतला हिशेब मॅक्रोत नेला, एक अक्षर बदललं नाही, आणि दोन दिवस स्वतःच्या सूत्रावर संशय घेत बसला.

तिसरी तपासणी : नाव एकच, घरं दोन

माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक फायली इथेच दुरुस्त होतात, म्हणून इथे जरा थांबते.

लॉगनॉर्मल या नावातच घोळ आहे. ज्या राशीचा लॉग घेतल्यावर नॉर्मल मिळतं, ती लॉगनॉर्मल. नॉर्मल राशीचा लॉग नव्हे. त्यामुळे इथे कायम दोन घरं असतात. एक मूळ माहितीचं, जिथे धूळ मायक्रोग्रॅममध्ये राहते. दुसरं लॉगचं, जिथे त्याच धुळीचे लॉग राहतात. दोन्ही घरांत एक ‘सरासरी’ आहे आणि एक ‘प्रमाण विचलन’ आहे. म्यू आणि सिग्मा ही दुसऱ्या घरातली मंडळी. प्रश्नपत्रिकेत, अहवालात, वर्तमानपत्रात छापून येतात ती पहिल्या घरातली. आणि एक्सेलचं फंक्शन विचारतं, ‘मीन’ द्या, ‘स्टँडर्ड डेव्ह’ द्या. कुठल्या घरातलं ते काही तिथे ठळक लिहिलेलं नसतं. पोट्टे ५० आणि ३० टाकून मोकळे.

काय होतं बघा. ६० चा लॉग ४.०९४. त्यातून ५० वजा करून ३० ने भागलं तर झेड येतो −१.५३, आणि ६० च्या खाली असण्याची शक्यता ०.०६३. म्हणजे ‘वर’ असण्याची ०.९४. एरर नाही, लाल अक्षरं नाहीत, दिसायला आकडा बरा. प्रदूषणाची नोंद करणारे एक काका हेच घेऊन आले होते. अहवालात वाक्य तयार होतं : वर्षातले ९४ टक्के दिवस मर्यादेच्या वर. मी विचारलं, “काका, सरासरी किती म्हणालात?” ते म्हणाले, “पन्नास.” मग स्वतःच थबकले. “पन्नास सरासरी, अन् चौऱ्याण्णव टक्के दिवस साठच्या वर? असं कसं होऊन राहिलं?” नाहीच होऊ शकत. मोजलेल्या नोंदींतले साठच्या वरचे दिवस बोटाने मोजले असते तरी हे दिसलं असतं.

दुसरी चूक हुशार मुलं करतात. त्यांना माहीत असतं की लॉग घ्यायला हवा. म्हणून ते ५० चा लॉग घेतात, ३.९१२. मग ३० चाही घेतात, ३.४०१. पहिला म्यू, दुसरा सिग्मा. आता ६० च्या वर जायची शक्यता ०.४८, आणि १५० च्या वर जायची ०.३७. यादीतलं ०.५ भोवती घुटमळणारं लक्षण ते हेच. या म्यू-सिग्मावरून सरासरी उलट काढली तर १६,२५४ येते. सोळा हजार मायक्रोग्रॅम ही कुठल्याच शहराची वर्षभराची सरासरी नसते.

लॉगची सरासरी आणि सरासरीचा लॉग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि प्रमाण विचलनाच्या लॉगला तर काही अर्थच नाही. पहिल्या घरातून दुसऱ्या घरात जायचा रस्ता असा :

सिग्माचा वर्ग = एलएन (१ + (प्रमाण विचलन ÷ सरासरी)²)

म्यू = एलएन (सरासरी) − सिग्माच्या वर्गाचा निम्मा

आपले आकडे घालू. ३० ÷ ५० = ०.६. वर्ग ०.३६. एलएन (१.३६) = ०.३०७५, हा सिग्माचा वर्ग. वर्गमूळ ०.५५४५, हा सिग्मा. ५० चा एलएन ३.९१२०, त्यातून ०.१५३७ वजा, म्यू ३.७५८३. आता ६० साठी झेड = (४.०९४३ − ३.७५८३) ÷ ०.५५४५ = ०.६०६. तक्त्यात ०.७२८. वर जायची शक्यता ०.२७२.

प्रमाण विचलनाला सरासरीने का भागायचं? कारण लॉगच्या घरात अंतर म्हणजे पट. ५० वर ३० चा चढउतार आणि ५०० वर ३०० चा चढउतार तिथे सारखाच दिसतो, म्हणून सिग्मा फक्त या गुणोत्तरावर ठरतो. यावरून फुकटची एक तपासणीही मिळते : हे गुणोत्तर लहान, म्हणजे ०.२ वगैरे असेल तर सिग्मा जवळपास तेवढाच आला पाहिजे (०.२ ला ०.१९८ येतो). गुणोत्तर ०.२ आणि सिग्मा ३.४ असं काही दिसलं तर वरची हुशार मुलांची चूक पुन्हा वाचा.

हे सगळं तेव्हा, जेव्हा तुमच्याकडे फक्त सरासरी आणि प्रमाण विचलन आहे. मूळ नोंदी हातात असतील तर इतका वळसा कशाला? प्रत्येक नोंदीचा एलएन घ्या, त्या रकान्याची सरासरी म्हणजे म्यू, त्याच रकान्याचं प्रमाण विचलन म्हणजे सिग्मा. दोन्ही रस्त्यांनी किंचित वेगळे आकडे येतील, त्याला घाबरू नका. एखादीच प्रचंड मोठी नोंद मूळ घरातलं प्रमाण विचलन फुगवते; लॉगच्या घरात तिचा आवाज दबतो. फरक फारच मोठा असेल तर मात्र आठव्या तपासणीकडे जा.

आणि सरासरी नाही, मध्यक आणि ९० वा शतमक (ज्याच्या खाली ९० टक्के नोंदी असतात तो आकडा) दिला असेल तर आणखी सोपं. मध्यकाचा एलएन म्हणजे म्यू. दोघांच्या एलएनमधला फरक १.२८१६ ने भागला की सिग्मा. मध्यक ४२.९ आणि ९० वा शतमक ८७.३ घालून स्वतः करून बघा, ०.५५४ च्या जवळ यायला हवा.

चौथी तपासणी : सिग्मा कुठल्या वेषात आहे?

पुस्तकं लॉगनॉर्मल लिहिताना कंसात म्यू आणि सिग्माचा वर्ग लिहितात. सॉफ्टवेअर मागतं सिग्मा. वर्ग तसाच घातला, ०.३०७५, तर झेड १.०९३ होतो आणि उत्तर ०.१३७. खऱ्या उत्तराच्या निम्मं. माझ्या एका जुन्या अहवालात नेमकं हेच झालं होतं, आणि ते मी नाही, टंकलेखन करणाऱ्या मुलीने पकडलं : “मॅडम, वरच्या तक्त्यात वेगळा सिग्मा आहे.” तेव्हापासून मी कागदावर ‘वर्ग’ हा शब्द पूर्ण लिहिते, वरचा बारीक २ नाही.

तिसरा वेष धुळीच्या अहवालांत भेटतो : भौमितिक प्रमाण विचलन. हे म्हणजे सिग्माचा एक्स्प. आपल्या उदाहरणात १.७४. त्याचा अर्थ सुंदर आहे. मध्यकाला १.७४ ने भागा आणि गुणा, म्हणजे साधारण २४.६ ते ७४.६, या पट्ट्यात ६८ टक्के दिवस येतात. पण हा १.७४ सिग्मा म्हणून घातला तर उत्तर ०.४२. ओळखायचं कसं? भौमितिक प्रमाण विचलन एकपेक्षा लहान असूच शकत नाही. अहवालात ०.५५ लिहिलं असेल तर तो सिग्मा किंवा त्याचा वर्ग. एकपेक्षा मोठं असेल तर लिहिणाऱ्याला विचारा, अंदाज करू नका.

लॉगच्या रकान्याचं प्रमाण विचलन काढताना भागायचं कशाने, नोंदींच्या संख्येने की एक कमीने, यावर मुलं तावातावाने भांडतात. १०० नोंदी असतील तर फरक अर्ध्या टक्क्याचा आहे. दहाच असतील तर पाच टक्क्यांचा. एक कमीने भागा आणि पुढे चला.

पाचवी तपासणी : फंक्शन काय मागतंय?

आर सरळ आहे. पी-एल-नॉर्म मागतं मीनलॉग आणि एसडीलॉग, नावातच घर सांगितलं आहे. एक्सेलचं नवं लॉगनॉर्म-डिस्ट चार गोष्टी मागतं आणि चौथी महत्त्वाची : ‘ट्रू’ दिलं तर ‘इथपर्यंतची’ शक्यता मिळते, ‘फॉल्स’ दिलं तर वक्राची उंची. उंची म्हणजे शक्यता नव्हे. आणि ‘इथपर्यंतची’ मिळाल्यावर ‘वर जायची’ हवी असेल तर एकातून वजा करायला विसरू नका. हसू नका, मीही विसरते.

खरा त्रास पायथनमधल्या सायपाय या संचाचा. तिथल्या लॉगनॉर्मला ओळीने म्यू आणि सिग्मा हवेच नसतात. त्याला हवा आकार, म्हणजे सिग्मा; मग लोक, म्हणजे सरकवणूक, जी शून्य ठेवायची; आणि स्केल, म्हणजे म्यूचा एक्स्प. ओळीने म्यू, सिग्मा लिहिले की तो म्यूला आकार समजतो आणि सिग्माला सरकवणूक. आपल्या आकड्यांनी ६० च्या खाली असण्याची शक्यता ०.८६ येते, खरी ०.७३. दोन्ही आकडे पटण्यासारखे, म्हणून कोणी संशय घेत नाही. मात्र पहिली तपासणी इथे उपयोगी पडते : ४२.९ घालून ०.५ येतो का बघा.

याच सायपायला नोंदी देऊन ‘फिट’ सांगितलं तर तो सरकवणूकही आपल्या मनाने ठरवतो. मग म्यू-सिग्मा आरपेक्षा भलतेच येतात. एफलोक बरोबर शून्य, एवढं लिहून ती बांधून टाका. यादीतलं मैत्रिणीशी न जुळणारं उत्तर बहुतेक वेळा इथेच जुळतं. पायथनच्याच नमपाय या दुसऱ्या संचाचं यादृच्छिक लॉगनॉर्मल मात्र सरळ म्यू आणि सिग्माच मागतं. एकाच भाषेत दोन रीती का, ते मला विचारू नका.

सहावी तपासणी : शून्य, कोरं, ‘आढळलं नाही’

शून्याचा लॉग नसतो. हॅश नम आणि उणे अनंत तिथून येतात. यावर सर्रास केला जाणारा उपाय म्हणजे सगळ्या नोंदींत १ मिळवणे. आकडे ५०० च्या घरात असतील तर त्या आकड्यांना फारसा धक्का लागत नाही. आकडे ०.२, ०.५ असे असतील तर तुम्ही माहितीच बदलून टाकली. शिवाय मिळवलेल्या एकाला एकक असतं : मिलिमीटरमध्ये १ मिळवलं तर एक उत्तर, सेंटिमीटरमध्ये मिळवलं तर दुसरं.

आधी ते शून्य कुठून आलं ते विचारा. नागपूरचा रोजचा पाऊस घेतला तर वर्षातले बहुतेक दिवस कोरडे असतात आणि तिथलं शून्य खरं शून्य आहे. अशा वेळी दोन पायऱ्या करा. पाऊस पडायची शक्यता वेगळी काढा, पडलेल्या दिवसांपुरतं लॉगनॉर्मल लावा, आणि शेवटी दोन्हींचा गुणाकार. ओल्या दिवसांचं प्रमाण ०.४ आणि ओल्या दिवशी ठरावीक पातळी ओलांडायची शक्यता ०.१ असेल, तर कुठल्याही दिवशी ओलांडायची शक्यता ०.०४.

प्रयोगशाळेतलं शून्य वेगळं. ते शून्य नसतंच, यंत्राच्या शोधमर्यादेखाली काहीतरी आहे एवढंच ते सांगतं. अशा नोंदी थोड्या असतील तर मर्यादेचा निम्मा किंवा मर्यादा भागिले दोनचं वर्गमूळ घालायची प्रथा आहे. जास्त असतील तर ही मलमपट्टी पुरत नाही. तिथे माझं काम संपतं.

सातवी तपासणी : परत येताना सरासरी हरवते

म्यू-सिग्मा बरोबर, शक्यता बरोबर, पण सरासरी जुळत नाही, थोडी कमी येते. म्हणजे तुम्ही म्यूचा एक्स्प घेतला आणि त्याला सरासरी म्हणालात. पाच आकडे घ्या : २०, ३०, ४५, ६०, ९०. साधी सरासरी ४९. लॉगची सरासरी ३.७६, तिचा एक्स्प ४२.९. हा भौमितिक मध्य आहे, आणि लॉगनॉर्मलमध्ये तोच मध्यक. १८७९ मध्ये डोनाल्ड मॅकॲलिस्टरने फ्रान्सिस गॉल्टनच्या सांगण्यावरून या वितरणाचं गणित मांडलं, तेही या भौमितिक मध्यापासूनच सुरू होतं.

खरी सरासरी हवी असेल तर म्यूमध्ये सिग्माच्या वर्गाचा निम्मा मिळवून मग एक्स्प घ्या. वरच्या पाच आकड्यांना ५१ येतील. ४९ का नाही? पाचच नोंदी आहेत, एवढं चालायचंच. पण एकूण धूळ, एकूण खर्च, एकूण उत्पादन असं काही काढायचं असेल आणि तुम्ही मध्यकाला दिवसांनी गुणलंत, तर दरवेळी कमीच सांगाल.

आठवी तपासणी : हे लॉगनॉर्मल आहे तरी का?

ही सगळ्यात अवघड, म्हणून शेवटी. नोंदींच्या लॉगचा आलेख काढा. साधारण घंटेसारखा, दोन्ही बाजूंनी सारखा दिसला पाहिजे. क्यू-क्यू आलेख (नोंदींचे लॉग क्रमाने लावून नॉर्मलशी ताडणारा) काढता येत असेल तर आणखी चांगलं : ठिपके सरळ रेषेत हवेत, आणि मधल्यापेक्षा टोकाचे बघा.

धुळीला लॉगनॉर्मल का शोभतं? कारण ती गुणाकाराने घडते. धूर किती निघाला, वारा किती, हवा किती उंचीपर्यंत मिसळते, हे घटक एकमेकांना पटीने वाढवतात किंवा कमी करतात. गुणाकाराचा लॉग म्हणजे बेरीज, आणि पुष्कळ घटकांची बेरीज नॉर्मलच्या जवळ जाते. साधं नॉर्मल लावलं तर आपल्या आकड्यांत जवळपास ५ टक्के दिवस धूळ शून्यापेक्षा कमी निघते! आणि वरच्या टोकाला उलट : १५० च्या वरचा दिवस नॉर्मलच्या हिशेबाने २,३०० दिवसांत एकदा, लॉगनॉर्मलच्या हिशेबाने ८४ दिवसांत एकदा.

पण वर्षभराचं एकत्र घेतलं की लॉगच्या आलेखाला दोन उंचवटे दिसू शकतात. हिवाळ्यात थंड हवा खाली बसते आणि धूर कोंडतो. पावसाळ्यात हवा धुऊन निघते. हे दोन वेगळे ऋतू, त्यांना एक म्यू आणि एक सिग्मा पुरणार नाही. ऋतू वेगळे करून पुन्हा बघा. बऱ्याचदा तेवढ्याने जमतं.

खाणवाल्यांसाठी एक. भारतीय खाण ब्युरोचं मुख्यालय आपल्याच शहरात, त्यामुळे खनिजाच्या फायली माझ्याकडे हमखास येतात. सोन्यासारख्या विरळ धातूच्या प्रमाणाला लॉगनॉर्मल लावायची जुनी परंपरा आहे, आणि तेच बघून मुलं मनसर-कांद्रीच्या मँगनीजलाही लावतात. शुद्ध मँगनीज डायऑक्साइडमध्येसुद्धा मँगनीज साधारण ६३ टक्केच असतं. लॉगनॉर्मलच्या शेपटीला ही भिंत माहीत नाही. ती ८० टक्के मँगनीजचीही शक्यता काढून देईल. टक्केवारी छताजवळ पोचत असेल तर हे वितरण सोडा.

इथे थांबा आणि संख्याशास्त्रज्ञाकडे जा

शोधमर्यादेखालच्या नोंदी पाचातल्या एकापेक्षा जास्त असतील. (ही रेघ माझी, पुस्तकातली नव्हे.)

मोजलेल्या सगळ्यात मोठ्या आकड्याच्याही खूप पुढची शक्यता हवी असेल. दोनशे नोंदींवरून हजार दिवसांतून एकदा घडणारी गोष्ट सांगणं म्हणजे शेपटीच्या आकारावर डोळे मिटून विश्वास.

सरासरीचा विश्वासांतराल, म्हणजे खरी सरासरी ज्या दोन आकड्यांच्या मधे असावी तो पट्टा, हवा असेल. लॉगच्या घरात अंतराल काढून दोन्ही टोकांचा एक्स्प घेतला तर तो मध्यकाचा अंतराल मिळतो. सरासरीसाठी वेगळ्या रीती आहेत आणि त्या घाईत करायच्या नसतात.

लॉगनॉर्मल राशींची बेरीज करायची असेल. गुणाकार लॉगनॉर्मलच राहतो, बेरीज राहत नाही, आणि तिला नेमकं सूत्रही नाही. विम्याचे एकूण दावे वगैरे असेल तर थेट ॲक्च्युअरीकडे, म्हणजे विम्याचं गणित करणाऱ्याकडे, जा.

आणि दिवस एकमेकांना चिकटलेले असतील. राष्ट्रीय मानकानुसार वर्षातले ९८ टक्के वेळा मर्यादा पाळायची असते, उरलेल्या २ टक्क्यांत ओलांडली तरी लागोपाठ दोन दिवस नाही. पहिला भाग तुम्ही काढू शकता : आपल्या उदाहरणात ९८ वा शतमक १३४ येतो, ६० च्या कितीतरी वर. दुसऱ्या भागासाठी मुलं ०.२७ ला ०.२७ ने गुणून ०.०७ लिहितात. आज धूळ कोंडली असेल तर उद्याही कोंडलेली असायची शक्यता जास्त, त्यामुळे हा गुणाकार लागू होत नाही. असा आकडा सरकारी कागदावर किंवा कोर्टात जाणार असेल तर सही माहितगार माणसाचीच हवी.

जाताना साफ केलेली फाइल नेऊ नका. मूळ नोंदवही न्या, तारखांसकट, एककांसकट. गेल्या उन्हाळ्यात एका मुलीच्या फाइलमध्ये सगळं बरोबर होतं. पाया, घर, सिग्मा, फंक्शन, सगळं. तरी मध्यक खूप वर. दोन तास गेले, तर्री पोहे मागवून झाले, मग तिने सहज सांगितलं की ‘एनडी’, म्हणजे ‘आढळलं नाही’, लिहिलेल्या ओळी एरर देत होत्या, म्हणून पहिल्याच दिवशी डिलीट केल्या. एकूण एकेचाळीस होत्या.